भरती बघून सिनेमा

स्वतःच्या पैशाने किंवा वर्गणीवर सिनेमा करणाऱ्यांकडून आम्ही गेल्या अंकात प्रश्न मागवले होते. पत्रं आली ती जवळजवळ सगळी किनारपट्टीवरून, अलिबागपासून सावंतवाडीपर्यंत. ‘कॅमेरा कोणता घेऊ?’ हे बऱ्याच जणांनी विचारलंय, त्याचं उत्तर इथेच देतो: घेऊ नका, भाड्याने आणा. बाकीच्या प्रश्नांकडे वळू.

नोकरी करतो. साठवलेले आठ लाख आहेत, पटकथा ९० पानांची आहे. एवढ्यात पूर्ण लांबीचा चित्रपट होईल का? आणि पुढे यावर पोट भरेल का?
– एक वाचक, गुहागर

होईल, पण आहे त्याच पटकथेवर नाही. रूढ मांडणीतलं पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावरचा साधारण एक मिनिट. छोटं युनिट दिवसाला तीन-चार पानं चित्रित करतं, म्हणजे तुमचे २३ ते ३० दिवस झाले. दहा माणसं, नाश्ता-चहा आणि दोन वेळचं जेवण, माणशी ३०० रुपये धरले तरी २५ दिवसांचे ७५ हजार नुसते पोटात जातात. राहणं, गाडी, कॅमेरा-ध्वनीचं भाडं आणि तंत्रज्ञांचं मानधन अजून यायचंच आहे. आठातले तीन लाख पहिल्या दिवशीच वेगळ्या खात्यात टाका. ते संकलन, ध्वनी, रंगसंस्कार, सबटायटल आणि डीसीपीचे, म्हणजे चित्रपटगृहात लावायच्या प्रतीचे. खिसा रिकामा आणि हार्डडिस्क भरलेली, अशा अवस्थेत वर्षानुवर्षं पडून राहिलेले सिनेमे आपल्याकडे पुष्कळ आहेत.

उरलेल्या पाच लाखांत बसवायचं तर दिवस कमी करून चालत नाही, जागा कमी कराव्या लागतात. एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी युनिट हलवायचं म्हणजे सामान बांधा, गाडीत टाका, उतरवा, मांडा. दोन-तीन तास गेलेच. तीस जागांची पटकथा पाच-सहा जागांवर आणा, आणि त्या एकमेकींपासून चालत जाण्याइतक्या जवळ असू द्या: एक घर, त्याची विहीर, पाणंद, जेटी, एसटीचा थांबा. हे काटछाटीचं काम वाटतं, पण इथेच दिग्दर्शकाची शैली ठरते. एकच पडवी सहा वेळा दाखवायची असेल तर ती सहा वेळा वेगळी कशी दिसेल, याचा विचार करावाच लागतो. लांबलचक शॉट स्वस्त पडतात असा एक समज आहे, तो अर्धाच खरा. मांडणीचा वेळ वाचतो, पण तालमीचा वाढतो. तालीम मात्र कॅमेऱ्याचं भाडं सुरू होण्याआधी करता येते.

नोकरी इतक्यात सोडू नका. सत्यजित राय जाहिरात कंपनीत नोकरी करत सुट्टीच्या दिवशी ‘पथेर पांचाली’ चित्रित करत होते. १९५२ ला सुरू झालेला तो चित्रपट १९५५ ला प्रदर्शित झाला. मधे पैसे संपून काम थांबलं आणि शेवटी पश्चिम बंगाल सरकारच्या पैशाने तो पुरा झाला. वर्गणीचा मार्गही जुनाच आहे. ‘मंथन’ (१९७६) साठी गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये दिले. मल्याळी दिग्दर्शक जॉन अब्राहम यांच्या चमूने ‘अम्मा अरियान’ (१९८६) साठी गावोगाव फिरून पैसे जमवले. तुम्ही वर्गणी काढलीत तर मदत आणि गुंतवणूक यांची सरमिसळ करू नका. मदत देणाऱ्याचं नाव श्रेयनामावलीत जातं. नफ्यातल्या वाट्यासाठी पैसे देणाऱ्याशी लेखी करार होतो, मग तो सख्खा मामा का असेना.

पोटाचं म्हणाल तर एका चित्रपटाला लिहिण्यापासून लोकांसमोर येईपर्यंत तीन-चार वर्षं सहज जातात आणि त्या काळात त्यातून एक पैसा येत नाही. म्हणून दुसऱ्याच्या सिनेमात विकलं जाईल असं एक कौशल्य हातात हवं. आमच्या मते ध्वनिमुद्रण सर्वांत चांगलं. कॅमेरामन गल्लोगल्ली आहेत, आवाजाची माणसं शोधावी लागतात.

किनाऱ्यावरचा एकच प्रसंग दोन दिवस चित्रित केला. संकलनात बसलो तर पहिल्या दिवशी पाणी होडीला लागलेलं, दुसऱ्या दिवशी पन्नास पावलं लांब. वेळ तीच होती, सकाळी नऊ. चुकलं काय?
– एक वाचक, वेंगुर्ले

वेळ तीच ठेवली, हेच चुकलं. भरती रोज सुमारे ५० मिनिटं पुढे सरकते. काल नऊला जिथे पाणी होतं तिथे ते आज दहाला दहा कमी असताना येणार.

गावातल्या म्हाताऱ्यांचा ठोकताळा तुम्हालाही ठाऊक असेल: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन, पंचमीला पावणेचार, अष्टमीला सहा. दिवसातून दोन वेळा भरती, तशीच ओहोटी, भरतीपासून सव्वासहा तासांच्या आसपास. हा हिशेब मुंबईच्या बाजूला बरोबर बसतो. खाली सिंधुदुर्गाकडे भरती आधी लागते, तिथे तासाभराचा फरक धरावा. नेमकी वेळ भारतीय सर्वेक्षण विभागाच्या भरती-ओहोटीच्या तक्त्यावरून घ्या, आणि त्या विशिष्ट पुळणीवर पाणी कुठवर येतं ते तिथल्या गाबीत-खारवी मच्छीमारांना विचारा. तक्ता वेळ सांगतो, पुळणीचा उतार सांगत नाही.

दुसरी गोष्ट वेगाची. पाणी सहा तास सारख्या गतीने उतरत नाही. पहिल्या तासात एकूण उताराचा बारावा भाग, दुसऱ्यात दोन, तिसऱ्या-चौथ्यात तीन-तीन, मग पुन्हा दोन आणि एक. म्हणजे मधल्या दोन तासांत निम्मं पाणी जातं, तर पूर्ण भरतीच्या किंवा पूर्ण ओहोटीच्या अलीकडचा आणि पलीकडचा तास मिळून पाणी जवळजवळ जागच्या जागी असतं. संवादाचा प्रसंग या दोन तासांत बसवा. मधल्या वेळेत फक्त असे शॉट घ्या ज्यांत पाण्याची रेघ दिसत नाही.

क्रमही तसाच लावा. पाणी, होडी, माणसं सगळं दिसणारे रुंद शॉट आधी. चेहऱ्याचे जवळचे शॉट शेवटी, कारण मागे नुसतं आभाळ किंवा सुरूचं बन असेल तर पाणी कुठे गेलं ते कोणाला कळत नाही. कॅमेऱ्यासमोरच्या ओल्या वाळूत युनिटच्या एकाही माणसाने पाय ठेवायचा नाही. जायची-यायची वाट कॅमेऱ्याच्या मागून आखा, दोरी लावली तरी चालेल. एकदा पावलं उमटली की फावड्याने सारवून ती जागा पूर्ववत दिसत नाही, लाट वरून जावी लागते.

दुसऱ्या दिवशी ५० मिनिटं उशिरा सुरू केलं की पाणी जुळतं, पण ऊन ५० मिनिटं पुढे गेलेलं असतं. ढगाळ हवेत चालून जातं. लख्ख उन्हात दोन दिवसांच्या वर ताणू नका. प्रसंग मोठा असेल तर पंधरवड्याने या: पंधरा दिवसांनी त्याच घड्याळी वेळेला पाण्याची जवळपास तीच स्थिती असते. या पक्षातल्या तृतीयेचं अर्धवट काम पुढच्या पक्षातल्या तृतीयेला पुरं होतं. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला सुरुवात करून अष्टमीच्या भांगाला, म्हणजे कमी चढ-उताराच्या भरतीला, शेवट केला तर मात्र काही जुळणार नाही, कारण पाणी चढायची-उतरायची मर्यादाच बदललेली असते.

उन्हाबद्दल एवढंच की आपला समुद्र पश्चिमेला. सकाळी समुद्राकडे पाठ केलेल्या माणसाच्या तोंडावर ऊन असतं आणि पाणी निळं दिसतं. दुपारनंतर तोच माणूस काळी आकृती होतो. समोरून पांढरा थर्माकोल धरला तर चेहरा थोडा उजळतो, पण वाऱ्यात तो धरायला दोघं लागतात. सूर्य बुडाल्यावर चांगला उजेड वीस-पंचवीस मिनिटंच टिकतो. तेवढ्यात एक प्रसंग उरकणार नाही, एखादा शॉट होतो.

दर्यार शूटिंग केलंव, पण गाजीत बोलणा ऐकाक येणा नाय. आता काय करूचा?
– एक वाचक, मालवण

आधी यंत्रातली एक गोष्ट तपासा. ध्वनिमुद्रकाची स्वयंचलित पातळी सुरू राहिली होती का? ती सुरू असेल तर पात्र बोलायचं थांबताच यंत्र गाज वर ओढतं आणि बोलायला लागलं की खाली दाबतं. ही उसळी कानाला गाजेपेक्षा जास्त त्रास देते, आणि ती नंतर काढता येत नाही. पुढच्या वेळी हाताने पातळी लावा: ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, बोलण्याची शिखरं उणे १२ डेसिबलच्या आसपास.

आता जे झालंय त्याचं. आवाज साफ करणाऱ्या सॉफ्टवेअरवर फार भिस्त ठेवू नका. पंख्याची एकसुरी घरघर ते काढतं. गाज चढते-उतरते, ती काढताना माणसाचा आवाज पाण्याखालून आल्यासारखा होतो. डबिंग स्टुडिओ हा मार्ग सरावलेल्या नटांसाठी ठीक, गावातल्या माणसांना ओठ जुळवत बोलणं जमत नाही आणि मालवणीचा हेल काचेमागे गेला की पुस्तकी होतो. त्यापेक्षा त्यांच्याच अंगणात करा. बंद केलेली चारचाकी, काचा वर, आतून गोधड्या टांगलेल्या, एवढ्यात पुरेशी शांतता मिळते. मूळ शॉटमधला वाक्याचा एक तुकडा हेडफोनवर ऐकवायचा आणि लगेच तसाच म्हणून घ्यायचा, तीन वेळा. मग पुढचा तुकडा. अख्खं वाक्य एकदम घेऊ नका, वेग बदलतो. त्यावर समुद्राचा आवाज वेगळा बसवायचा.

तो समुद्र वेगळा मुद्रित केलेला नसेल तर परत जा आणि घेऊन या: त्याच पुळणीवर, भरतीच्या त्याच स्थितीत, कोणीही न बोलता सलग दोन-तीन मिनिटं. हे प्रत्येक जागी करायचंच असतं. नाहीतर प्रत्येक कटला समुद्राची पातळी बदलते आणि प्रेक्षकाला कट ‘ऐकू’ येतो.

पुढच्या खेपेला बूम, म्हणजे काठीवरचा माइक, डोक्यावर, कपाळाच्या फूटभर वर, तोंड खाली केलेलं ठेवा. समोरून धरलात तर माइक माणसाबरोबर त्याच्या मागच्या समुद्राकडेही बघतो. नुसता फोमचा टोप किनाऱ्यावरच्या वाऱ्याला पुरत नाही, केसाळ वेष्टण हवं. कपड्यात लपवायचा छोटा माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर. सुती लुगडं गप्प राहतं, नायलॉनची साडी प्रत्येक हालचालीला कुरकुरते, तेव्हा वेशभूषेचा निर्णय ध्वनीवाल्याला विचारून घ्या. घामाने चिकटपट्टी सुटते, ती दुपारी बदला. आणि शक्य असेल तर संवादच वाळूच्या उंचवट्यामागे किंवा सुरूच्या बनात न्या. समुद्र रुंद शॉटमध्ये दाखवून झालेला असतो, बोलणं त्याच्या काठावरच व्हायला हवं असं नाही. पत्र्याच्या छपराखाली पावसात काम असेल तर पत्र्यावर गोणपाटं अंथरा, निदान थेंबांचा ताशा तरी कमी होतो.

जुन्या घराच्या माजघरात चित्रण आहे. भर दुपारीही अंधार असतो, मोठे दिवे परवडत नाहीत.
– एक वाचक, राजापूर

मोठे दिवे आणू नका, ऊन आत आणा. १९५६ च्या ‘अपराजितो’ साठी छायालेखक सुब्रत मित्र यांनी सेटच्या वर पांढरं कापड ताणून त्यावरून दिव्यांचा उजेड परतवला होता. घरातल्या अंगणासारखा मऊ, सावल्या न पाडणारा प्रकाश त्यातून मिळाला. तुमच्याकडे खरं अंगण आणि खरं ऊन आहे. खळ्यात उन्हात थर्माकोलचे दोन पत्रे किंवा ताणलेली पांढरी चादर तिरपी ठेवून उजेड दारा-खिडकीतून आत सोडा, आत समोरच्या भिंतीजवळ दुसरं पांढरं कापड धरा. सूर्य सरकतो तसा पहिला पत्रा दर दहा-पंधरा मिनिटांनी फिरवावा लागेल. त्यासाठी एक माणूस नेमून ठेवा.

कोकणातल्या घरात एक खोच आहे. भिंती जांभ्याच्या, जमीन लाल कोब्याची. उजेड त्यांवर आपटून येतो तो तांबूस होऊन, आणि हनुवटीखालचा भाग विटकरी दिसतो. चौकटीबाहेरच्या जमिनीवर पांढरी चादर अंथरा. कॅमेऱ्याचा श्वेतसमतोल (व्हाइट बॅलन्स) स्वयंचलित ठेवू नका, ५६०० केल्व्हिनवर कायम करा. ट्यूबलाइट लावणार असाल तर आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे हे लक्षात ठेवा. सेकंदाला २४ चौकटी आणि शटर १/५० ठेवलं की लुकलुक येत नाही.

याउलट बाहेर उन्हात उजेड जास्त होतो. आयएसओ ८००, छिद्र एफ ५.६, शटर १/५० असेल तर दुपारी सुमारे सात स्टॉपचा, म्हणजे उजेड सात वेळा निम्मा करणारा, एनडी फिल्टर लागतो. स्वस्त फिरता फिल्टर टोकाला नेला की चौकटीत फुलीसारखा काळा डाग उमटतो, त्यापेक्षा ठरावीक ताकदीचे दोन फिल्टर घ्या.

मुख्य भूमिका नऊ वर्षांच्या मुलाची आहे, बाकी सगळे गावकरी. मुलाच्या आईवडिलांची तोंडी संमती पुरेल ना? बैलजोडीही आहे.
– एक वाचक, देवगड

पुरणार नाही. बालकामगार कायद्याच्या नियमांनुसार, म्हणजे २०१७ च्या दुरुस्तीनंतर, मुलाला कामावर घेण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांच्या वर काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर नाही, सलग २७ दिवसांच्या वर नाही. मिळकतीतले किमान २० टक्के मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवायचे. दर पाच मुलांमागे एक जबाबदार माणूस नेमायचा. पाच तासांत येणं-जाणं, रंगभूषा धरली की कॅमेऱ्यासमोर तीन तास हाताशी राहतात, तेव्हा मुलाची दृश्यं सकाळी लावा आणि मे महिन्याच्या सुट्टीकडे बघून वेळापत्रक आखा.

बैलांसाठी भारतीय प्राणी कल्याण मंडळाची परवानगी चित्रीकरणाआधी काढायची. ती नसेल तर पुढे सेन्सॉरच्या प्रमाणपत्राच्या वेळी तोच प्रसंग कापावा लागतो. कोंबडी, कुत्रा, म्हैस यांनाही हेच लागू.

गावकऱ्यांकडून अभिनय करून घेताना संवाद पाठ करायला देऊ नका. प्रसंग सांगा, काय साधायचंय ते सांगा, वाक्यं त्यांची त्यांना बोलू द्या आणि आवडलेली लिहून ठेवा. हाताला काम द्या: जाळं विणणारा माणूस जाळं विणताना खरं बोलतो, खुर्चीत बसवला की शाळेच्या गॅदरिंगसारखा बोलतो. पहिला टेक बहुधा चांगला येतो. सातव्यानंतर माणूस तुम्हाला खूश करायला लागतो. आणि त्यांचा दिवस मोडला त्याचे पैसे द्या, रोजंदारीपेक्षा कमी नाही, संमतिपत्रावर सही घेऊन.

त्यांच्या कामाचं पंचांग आधी बघा. जून-जुलैत लावणी, तेव्हा कोणी मोकळं नाही. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींना मासेमारी बंद, बोटी वर ओढून शाकारलेल्या, त्यामुळे जेटीवरची वर्दळ चित्रित करायची तर ती मेअखेर उरकावी किंवा ऑगस्टनंतर. दशावतारी मंडळी कार्तिकापासून वैशाखापर्यंत जत्रांत रात्रभर उभी असतात. त्यांना सकाळी सातला बोलावणं हा अडाणीपणा आहे. सड्यावरची फुलं ऑगस्ट-सप्टेंबरात, तीही थोडे आठवडे. ‘पथेर पांचाली’ च्या पहिल्या दिवसाचं काम काशफुलांच्या रानात झालं, पुढच्या खेपेला युनिट गेलं तर जनावरांनी फुलं खाऊन टाकलेली. तो प्रसंग पुढच्या हंगामात पुरा झाला. फुलांचं काम एका दमात संपवा.

किल्ला, होडी आणि ड्रोन, तिन्हींची परवानगी कुठे?
– एक वाचक, अलिबाग

कुलाबा, जंजिरा, विजयदुर्ग, सिंधुदुर्ग हे केंद्रीय पुरातत्त्व विभागाचे. परवाना त्याच विभागाकडून, अर्ज बराच आधी. राज्याच्या अखत्यारीतल्या जागांसाठी गोरेगावच्या चित्रनगरीतल्या महामंडळाची एक खिडकी योजना आहे. जेटी, बंदर सागरी मंडळाकडे, रेल्वेचं फलाट बेलापूरला कोकण रेल्वेकडे. ग्रामपंचायत आणि पोलीस ठाण्याला पत्र द्याच. देवळात गुरवाला आणि मानकऱ्यांना विचारल्याशिवाय तिपाई उभी करू नका, लेखी कागद तिथे चालत नाही. ड्रोनसाठी सरकारचा ‘डिजिटल स्काय’ नकाशा बघा: हिरव्या पट्ट्यात ४०० फुटांपर्यंत परवानगी लागत नाही, पिवळ्या-लाल पट्ट्यात लागते. २५० ग्रॅमवरचं ड्रोन व्यावसायिक कामाला उडवणाऱ्याकडे वैमानिक प्रमाणपत्र हवं.

चित्रपट तयार आहे. यूट्यूबवर टाकू की महोत्सवांना पाठवू? सेन्सॉर लागेल?
– एक वाचक, रत्नागिरी

आधी महोत्सव. यूट्यूबवर टाकलेला चित्रपट बरेच मोठे महोत्सव घेत नाहीत, त्यांना पहिला खेळ आपल्याकडे व्हावा असं वाटतं. एक वर्ष थांबा. तुमच्या उशाशी गोवा आहे: नोव्हेंबरात पणजीला इफ्फी हा भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आणि त्याला लागून ‘वेव्ज फिल्म बाजार’ ही चित्रपटांची बाजारपेठ, जिथे अर्धवट संकलित कथापटांसाठीही वेगळा विभाग असतो. जानेवारीत पुण्याचा महोत्सव. माहितीपट, लघुपट किंवा अॅनिमेशन असेल तर दर दोन वर्षांनी मुंबईत भरणारा मिफ. दर महिन्याला पुरस्कार वाटणारे आणि प्रत्येक विभागाचं वेगळं शुल्क घेणारे ‘आंतरराष्ट्रीय’ महोत्सव टाळा. तिथे प्रेक्षक नसतात, फक्त पोस्टरवर लावायची पानांची माळ मिळते.

महोत्सवातल्या खेळाला केंद्रीय प्रमाणपत्र लागत नाही, आयोजक मंत्रालयाची सूट घेतात. चित्रपटगृहासाठी आणि राष्ट्रीय पुरस्काराच्या प्रवेशिकेसाठी लागतं. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए मध्ये सात, तेरा आणि सोळा वर्षांवरचे असे तीन गट झालेत आणि प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदत गेली, ते आता कायम असतं. मराठी शीर्षकाची नोंदणी त्याआधी करून ठेवा.

राहिली डीसीपी. ती डीसीपी-ओ-मॅटिक या मोफत सॉफ्टवेअरने घरीही होते. सेकंदाला २५ चौकटींवर चित्रित केलं असेल तर २४ वर आणताना चित्रपट चार टक्के लांबतो आणि आवाज किंचित जाड होतो, म्हणून वर २४ सांगितलं. एखाद्या चित्रपटगृहात सकाळच्या खेळाआधी पहिली दहा मिनिटं लावून बघा. सबटायटल दोन ओळींपलीकडे नको, ओळीत चाळीसेक अक्षरं. मालवणी संवादांचं भाषांतर संवादाच्या यादीवरून नाही, चित्र बघत करा.

पार्श्वभूमीला रेडिओवर जुनं गाणं लागलंय, चालेल ना? ते चित्रीकरणाच्या वेळी खरोखरच लागलं होतं.
– एक वाचक, सावंतवाडी

नाही. खरोखर लागलं होतं याने हक्क बदलत नाही. ध्वनिमुद्रणाचा एक हक्क आणि शब्द-चालीचा दुसरा, दोन्ही लागतात. संतांचा अभंग गावच्या भजनी मंडळाकडून गाऊन घ्या. शब्द मोकळे आहेत, चालही परंपरेची असेल तर प्रश्न उरत नाही. गाणाऱ्यांची लेखी संमती मात्र हवी.

पावसाळ्यात लेन्सवर बुरशी धरली. उपाय?
– एक वाचक, दापोली

काचेच्या आत असेल तर दुरुस्तीवाल्याकडेच, स्वतः उघडू नका. बाकीच्या लेन्स त्या लेन्सपासून वेगळ्या ठेवा. हवाबंद डब्यात सिलिका जेल आणि बऱ्यापैकी आर्द्रतामापी घाला. काटा ४० ते ५० टक्क्यांवर राहू द्या. जेलचा रंग बदलला की ते तव्यावर मंद आचेवर वाळवून परत वापरता येतं. वातानुकूलित खोलीतून कॅमेरा बाहेर काढताना पिशवीतच अर्धा-पाऊण तास राहू द्या, नाहीतर काच घामेजते. किनाऱ्यावरून आल्यावर गोड्या पाण्यात पिळलेल्या मऊ फडक्याने बाहेरचं मीठ पुसा, मगच कोरडं फडकं. तिपाईचे पाय त्याच रात्री गोड्या पाण्याने धुवा आणि उघडे ठेवून वाळवा.